नोंदवहीचं छोटं अपडेट : मृगाआधी करावं की दिवाळीनंतर?

सड्यावरचा | २४ मे, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी,

गुहागर तालुक्यात आमचं घर, मागे सड्यावर ऐंशी-एक कलमं. बाबांना सगळं वहीत लिहायची सवय. तीन वर्षांपूर्वी मी त्यांच्या मागे लागून ते घरच्या घरी चालणाऱ्या नोंदवहीच्या सॉफ्टवेअरवर आणलं. जुना लॅपटॉप, त्यावर लिनक्स, त्यावर डॉकर (ॲप वेगळ्या डब्यात, म्हणजे ‘कंटेनर’मध्ये, चालवणारं सॉफ्टवेअर), मुक्काम टीव्हीखालच्या कपाटात. कुठल्या कलमाला पालवी, कुठल्याला मोहोर, तुडतुड्यांवर काय मारलं, किती पेट्या वाशीला गेल्या, किती माल कॅनिंगला, कोणी काय उसनं नेलं, सगळं त्यात. मी, बाबा आणि मुंबईचा भाऊ असे तिघे लिहितो. साडेचार हजारांवर नोंदी झाल्या.

आता नवी आवृत्ती आलीय. शेवटचा आकडा फक्त एकाने वाढलाय. बदलांच्या यादीत तीन ओळी. फाईल जोडताना येणारी एक चूक काढली, एका बटणाचा रंग बदलला, आणि तिसरी : लॅटिन नसलेल्या लिप्यांसाठी शोध सुधारला, पहिल्यांदा सुरू करताना शोधाची अनुक्रमणिका नव्याने बांधली जाईल.

या तिसऱ्या ओळीने झोप उडवलीय. मार्चपासून आम्ही फवारणीचा पंप शोधतोय. कोणीतरी नेला. बाबा छातीठोक सांगतात की ‘नोंद केलेली आहे’. मी ‘पंप’ शोधतो तर सव्वातीनशे नोंदी येतात, त्यात पंप कुठेच नसलेल्याही ढिगाने.

प्रश्न असा की पाऊस लागला की लाइटचा भरवसा नाही. लॅपटॉपची बॅटरी फुगली म्हणून काढून टाकलेली आहे. आत्ताच उरकून घेऊ, की दिवाळीनंतर निवांत?

ॲपचं नाव मुद्दाम देत नाही. नाहीतर ‘हे कशाला, ते वापर’ यावरच शंभर प्रतिसाद येतील.

---

कोकम_सोडा | रात्री ९:४६

हे कशाला, ते वापर.

(राहवलं नाही.)

---

दर्यावर्दी | रात्री ९:५८

चालतंय ना? मग हात लावू नकोस. गेल्या वर्षी मीही ‘शेवटचाच तर आकडा’ म्हणून जेवता जेवता अपडेट मारलं. माझ्या डॉकरच्या फाईलमध्ये आवृत्तीच्या जागी ‘लेटेस्ट’, म्हणजे असेल ती सगळ्यात नवी, असं लिहिलेलं होतं. मला वाटलं एक पायरी वर जाईल. मधल्या आठ महिन्यांत मी बघितलंच नव्हतं, त्यामुळे गडी एकदम माडीवर. डेटाबेसचा साचा बदलला, आणि परत जुनी आवृत्ती लावली तर ती म्हणते ही फाईल माझी नाही.

हात वाळले तसेच ठेवून रात्री दोनपर्यंत बसलो होतो. बायकोने ताट उचललं तेव्हा काही बोलली नाही, त्यावरून समजा.

---

नाखवा_मालवण | रात्री १०:०५

माका येक सांगा, आंब्याच्या कलमाक कळता काय तुमी नोंद खय केलास ती? मी आपलो क्यालेंडरावर लिवतंय. भिंतीवरचा क्यालेंडर. अपडेट दर वर्साक येकदाच, एक जानेवारीक. लाइट गेली तरी बॅटरीत दिसता.

---

कोकम_सोडा | रात्री १०:०७

नाखवांच्या कॅलेंडरला शोध पण आहे. ‘गो, मे महिन्यात काय लिवलेलंय?’ अशी हाक मारली की स्वयंपाकघरातून उत्तर येतं.

---

आमसूल | रात्री १०:३१

सड्यावरचा, तिसरी ओळ तुझ्यासाठीच लिहिलीय असं समज. जरा सविस्तर सांगतो, कारण यात मी स्वतः दोन रविवार घातलेत.

घरगुती नोंदवह्यांपैकी बऱ्याच जणी आतून एसक्यूलाइट नावाचा छोटा डेटाबेस वापरतात. त्यात मजकूर शोधायची यंत्रणा आहे, तिला एफटीएस-५ म्हणतात. ती आधी मजकुराचे शब्द पाडते आणि मग अनुक्रमणिका करते. आता शब्द कुठे तुटतो हे तिने कसं ठरवायचं? नेहमीच्या सेटिंगमध्ये ती युनिकोडची (म्हणजे संगणकातल्या सगळ्या लिप्यांच्या चिन्हांच्या यादीची) ‘अक्षरं’ आणि ‘अंक’ या वर्गातली चिन्हं शब्दात धरते, बाकी सगळं म्हणजे मोकळी जागा. इंग्रजीला हे चालतं. आपल्याकडे काना, मात्रा, वेलांटी, अनुस्वार, पाय मोडणारं चिन्ह, यातलं काहीच युनिकोडच्या हिशेबात ‘अक्षर’ नाही. त्यांचा वर्ग वेगळा.

म्हणजे ‘काजू’ लिहिलंस की तिला दिसतं ‘क’ आणि ‘ज’. मधला काना आणि शेवटचा उकार म्हणजे तिच्या लेखी स्पेसबार. मग काजू शोधलंस की ‘क’ नंतर ‘ज’ येईल ते सगळं सापडतं. माझ्या वहीत काजू शोधल्यावर पहिली नोंद आली ती म्हणजे बायकोशी झालेल्या भांडणानंतर लिहिलेली : ‘मी का जाऊ?’

तुझा ‘पंप’ तिला ‘प प’ दिसतो. पपई, पापड, पोपट यांच्यात काय काय सापडत असेल बघ.

---

सड्यावरचा | रात्री १०:३८

आमसूल, हसून हसून मेलो. खरंच पापडाच्या नोंदी येतात! मला वाटायचं बाबांनी पंपाच्या नोंदीत आईच्या पापडाचा हिशेब लिहिलाय.

---

आमसूल | रात्री १०:४४

पपई मात्र येत नसेल. तिथे दोन प चिकटलेत आणि पुढे ई हे स्वतंत्र अक्षर, म्हणून ‘पपई’ अख्खा एक शब्द राहतो. पोपटाचंही तसंच, ‘पट’ एकत्र जातं. घाईत चुकीची उदाहरणं दिली. पापडातही ‘प’ आणि ‘पड’ असं पडतं, म्हणून शब्द पुरा जुळत नाही. पण टंकता टंकता शोधणारी ॲप्स शेवटच्या तुकड्याची नुसती सुरुवात बघतात, तेव्हा पापड, पोपट दोन्ही आत येतात. तुझ्याकडे तेच चाललंय.

दुरुस्ती खरं तर एका ओळीची आहे. अनुक्रमणिका बांधताना ‘ही चिन्हंही शब्दातच धर’ एवढं सांगायचं. पण जुनी अनुक्रमणिका चुकीच्या तुकड्यांची, म्हणून ती पाडून नवी बांधावी लागते. ओळ एक, काम घरभर.

---

निवृत्त_मास्तर | रात्री ११:०२

चर्चा उद्बोधक आहे. परंतु मराठीचे खरे दुखणे पुढेच आहे, ते काना-मात्रा दुरुस्त करून जाणार नाही. आपण ‘आंबा’ शोधणार आणि नोंदीत असणार ‘आंब्याला’, ‘आंब्यांवर’, ‘आंब्याखालचे’. विभक्तिप्रत्यय लागण्यापूर्वी नामाचे सामान्यरूप होते, हे आम्ही सातवीला घसा कोरडा करून शिकवले. संगणकाला कोणी शिकवले नाही असे दिसते.

---

दर्यावर्दी | रात्री ११:०६

मास्तर, सातवीला आम्हालाही शिकवलं होतं. संगणकाला दोष कशाला.

---

आमसूल | रात्री ११:१५

मास्तरांचा मुद्दा शंभर टक्के. त्यावर गावठी उपाय म्हणजे शब्दाचं नुसतं डोकं लिहायचं आणि पुढे तारा काढायची. ‘आंब*’ असं. मग आंबा, आंबे, आंब्याला सगळे येतात.

---

कोकम_सोडा | रात्री ११:१७

आणि आंबट, आंबोळी, आंबोली घाट पण येतो.

---

नाखवा_मालवण | रात्री ११:२०

आंबोळी इली तर येव दे, सोबत चटणी आसली म्हणजे झाला.

---

वाशिष्ठीकाठ | २५ मे, सकाळी ७:१२

रात्री धागा वाचला, उत्तर सकाळी देतोय. अपडेट करायचं की नाही यापेक्षा मला बॅकअपची काळजी वाटतेय, त्याबद्दल सड्यावरचा एक अक्षर बोललेला नाही.

मी चिपळूणचा. २२ जुलै २०२१. दुकानात पाणी छातीच्या वर. कॉम्प्युटर टेबलावर होता, बॅकअपची हार्ड डिस्क त्याच टेबलाच्या खणात. दोन्ही एकत्र गेले. बॅकअप होता, रोज रात्री होत होता, फक्त तोही त्याच पाण्यात होता. चिखल काढताना डिस्क सापडली, मी तिला भाताच्या डब्यात पण ठेवून बघितलं. कोणीतरी सांगितलं होतं.

त्यानंतर रीत अशी : एक प्रत मशीनवर, एक घरातल्याच दुसऱ्या डिस्कवर, आणि एक पुण्याला बहिणीकडे. बहिणीला ती काय आहे ते माहीत नाही, तिला वाटतं ते वायफायचं खोकं आहे.

दुसरी गोष्ट. ॲप चालू असताना डेटाबेसची एकटी फाईल उचलून कॉपी करू नकोस. एसक्यूलाइट बहुतेक ठिकाणी अशा पद्धतीने चालवतात की ताज्या नोंदी आधी शेजारच्या ‘वाल’ फाईलमध्ये जातात आणि नंतर सवडीने मुख्य फाईलमध्ये मिसळतात. तू मुख्य फाईल घेतलीस आणि शेजारीण राहिली, तर कालपरवाच्या नोंदी गेल्या. सरळ कंटेनर थांबव, अख्खा फोल्डर उचल, मग सुरू कर.

---

सड्यावरचा | सकाळी ७:४०

वाशिष्ठीकाठ, बोललो नाही कारण बोलण्यासारखं नव्हतं. बॅकअप आहे तो भावाच्या लॅपटॉपवर, गणपतीत आला होता तेव्हाचा. आणि हो, एकटीच फाईल घेतली होती.

---

वाशिष्ठीकाठ | सकाळी ७:४३

मग तुझं उत्तर तुला मिळालं. अपडेट बाजूला ठेव, आधी हे कर.

---

रोठा_सुपारी | सकाळी ९:२५

आम्ही श्रीवर्धनचे. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं तेव्हा आमच्या सुपाऱ्या दोन-तीन तासांत आडव्या झाल्या. लाइट यायला आठवडे गेले. त्या दिवसांत एक गोष्ट कळली ती या धाग्यात कोणी काढली नाही म्हणून लिहितो.

नोंदवही दोन प्रकारची असते. एक जी नुसती सर्व्हरवर राहते आणि तुम्ही ब्राउझरमधून तिला बघता. दुसरी जी प्रत्येक फोनवर स्वतःची पूर्ण प्रत ठेवते आणि सर्व्हर भेटला की जुळवून घेते. मी जॉप्लिन वापरायचो, ती दुसऱ्या जातीची. घरचा सर्व्हर बंद, राउटर बंद, पण पंचनाम्याला माणसं आली तेव्हा कुठल्या आगरात किती झाडं होती ते फोनवर होतं. फोन चार्ज करायला ट्रॅक्टरच्या बॅटरीला वायर लावायचो.

सड्यावरचाचं ॲप पहिल्या जातीचं वाटतंय. तसं असेल तर पावसाळाभर वही कपाटात आणि किल्ली लाइटवाल्याकडे.

---

कोकम_सोडा | सकाळी ९:३१

बघा, ‘हे कशाला, ते वापर’ झालंच. मी फक्त थोडक्यात लिहिलं होतं.

---

सह्याद्री_रूट | सकाळी ११:५०

सगळे घाबरवतायत, थोडी उलटी बाजू. मुंबईत सर्व्हर सांभाळायचीच नोकरी करतो, गाव लांजा.

आवृत्तीच्या तीन आकड्यांचा संकेत असा की पहिला वाढला तर जुनं काहीतरी मोडणार, मधला वाढला तर नवी सोय, शेवटचा वाढला तर नुसती दुरुस्ती. पण हा संकेत आहे, कायदा नाही. इथे शेवटचा आकडा वाढवून अनुक्रमणिका नव्याने बांधतायत. लिहिणाऱ्याच्या दृष्टीने लहान, कारण त्याच्या स्वतःच्या नोंदी इंग्रजीत. तुझ्या दृष्टीने गेल्या तीन वर्षांतला सगळ्यात मोठा बदल.

आणि ‘चालतंय तर हात लावू नको’ हे मला पटत नाही. दर्यावर्दींचा घोटाळा अपडेट केल्यामुळे झाला नाही, आठ महिने न केल्यामुळे झाला. एकेक पायरी चढलं की घसरलं तरी एकच पायरी. फाईलमध्ये ‘लेटेस्ट’ काढून पुरा आकडा लिहावा, म्हणजे आपण कुठे उभे आहोत ते कळतं.

सड्यावरचा, तुझा सर्व्हर बाहेरून उघडा आहे का?

---

दर्यावर्दी | दुपारी १२:०४

हे बरोबर आहे पण कबूल करणार नाही.

---

सड्यावरचा | दुपारी १:१५

बाहेरून उघडा नाही. आमच्या फायबरवाल्याकडे स्वतःचा इंटरनेट पत्ताच मिळत नाही, एका पत्त्यामागे अख्खा गाव. टेलस्केल (आपल्याच मशीनना जोडणारं खाजगी जाळं) टाकलंय, भाऊ त्यातून येतो.

---

सह्याद्री_रूट | दुपारी १:२२

मग सुरक्षेची घाई नाही. पण शोधासाठी कर. साडेचार हजार नोंदींची अनुक्रमणिका जुन्या लॅपटॉपवरही चहा होईपर्यंत बांधून होईल. मध्येच लाइट गेली तर एसक्यूलाइट अर्धवट काम परत फिरवतं, ती तिची खासियत आहे. ॲपवाल्याने ते काम एकाच दमात गुंडाळलेलं असलं म्हणजे झालं.

---

आगरातली | दुपारी ३:३०

मी दापोलीजवळची. नेहमी वाचनमात्र असते, पण मास्तर आणि आमसूल यांच्यामुळे लिहिते. बचत गटाचा हिशेब आम्ही अशाच एका वहीत ठेवतो. त्यात शोधाला तीन-तीन चिन्हांचे तुकडे पाडायची पद्धत लावलीय. तिने ‘आंबा’ पण सापडतो आणि शब्दाच्या मधला भाग पण सापडतो. पण तीनपेक्षा कमी चिन्हं दिली तर काहीच येत नाही. फणस सापडतो. मध सापडत नाही. आमचा गट मधाचा आहे.

---

निवृत्त_मास्तर | दुपारी ३:४१

ताई, ‘मधु’ लिहीत जा. उकारासकट तीन होतात.

---

आगरातली | दुपारी ३:४४

मधुताई आमच्या खजिनदार आहेत. मग त्याच सापडतात.

---

सड्यावरचा | २६ मे, रात्री १२:२०

अहवाल देतो.

संध्याकाळी कंटेनर थांबवला, फोल्डर उचलला, एक प्रत पेन ड्राइव्हवर, एक टेलस्केलमधून भावाकडे. वाशिष्ठीकाठ यांच्या भीतीने ती प्रत वेगळ्या नावाने उघडूनही बघितली, उघडली. मग फाईलमध्ये ‘लेटेस्ट’ खोडून आकडा लिहिला, नवी आवृत्ती ओढली आणि सुरू केली. पडद्यावर ‘अनुक्रमणिका बांधत आहे’ आणि लाइट गेली.

खरंच गेली. वारा नाही, पाऊस नाही, मे महिना. बाबा अंधारात म्हणाले, “वहीत लिहून ठेव.”

पाऊण तासाने आली. लॅपटॉप सुरू केला, त्याने पुन्हा पहिल्यापासून बांधायला घेतलं आणि सव्वा मिनिटात संपवलं. नोंदी सगळ्या जागेवर. ‘पंप’ शोधलं तर एकोणीस. पापड गायब.

एकोणीस वाचल्या. त्यात पंप घेतला, दुरुस्त केला, वॉशर बदलला, सगळं आहे. कोणाला दिला ते नाही. बाबा अजून म्हणतात नोंद आहे, ‘किनाऱ्यावरच्या दादांना दिला’ असं लिहिलेलं त्यांना आठवतंय. ‘किनाऱ्यावरच्या’ शोधलं. शून्य.

---

आमसूल | रात्री १२:३४

थांब. झोपू नको. हा ‘ऱ्या’ कुठल्या कीबोर्डवर लिहिला असेल?

आपला तो आडवा र दोन तऱ्हांनी साठवतात. एकात खालच्या टिंबाचा ‘ऱ’ असतो, त्याचा पाय मोडून पुढे य. इनस्क्रिप्ट कीबोर्डवर शिफ्ट धरून इंग्रजी ‘J’चं बटण दाबलं की तो येतो. दुसऱ्यात साधा ‘र’, त्याचा मोडलेला पाय आणि मग एक न दिसणारं जोडचिन्ह. जुन्या फोनेटिक कीबोर्डांवर हाच यायचा. पडद्यावर ‘ऱ्या’ आणि ‘र्‍या’ जुळे भाऊ. आतून वेगळे. आणि ते न दिसणारं जोडचिन्ह अक्षर नाही की मात्रा नाही, तिसऱ्याच वर्गात बसतं. त्यामुळे नव्या आवृत्तीतही शब्द तिथे तुटणार. एकीकडे अख्खा ‘किनाऱ्यावरच्या’, दुसरीकडे दोन तुकडे.

र यायच्या आत थांब. ‘किना*’ असं शोध.

---

सड्यावरचा | रात्री १२:४१

सापडली!!!

गेल्या वर्षीची, ११ नोव्हेंबर. ‘यंत्र किनार्‍यावरच्या दादांकडे. सुपारीवर मारून झालं की देतो म्हणाले.’

पंप नाही लिहिलेलं, यंत्र लिहिलंय. आणि नोंद बाबांची नाही. खाली माझं नाव आहे. ऑफिसच्या जुन्या कॉम्प्युटरवरून मीच लिहिलेली. दोन महिने बाबांना बोलतोय.

---

दर्यावर्दी | रात्री १२:४६

हे बाबांना सांगू नकोस. मी अनुभवाने सांगतो.

---

निवृत्त_मास्तर | सकाळी ६:०५

सांगावे.

---

सह्याद्री_रूट | सकाळी ९:१०

आमसूल, ते दोन ‘ऱ्या’ एकच धरावेत अशी मागणी ॲपवाल्यांकडे नोंदवाल का? तुम्ही लिहा, मी तपासून देतो. ‘ॲ’चं पण तेच आहे, अखंड ‘ॲ’ वेगळा आणि अ वर चंद्र देऊन केलेला वेगळा. एकाच अर्जात दोन्ही घाला.

---

आमसूल | सकाळी ९:२२

लिहितो. उदाहरण म्हणून पंपाचीच नोंद देतो, सड्यावरचाची हरकत नसेल तर.

---

सड्यावरचा | संध्याकाळी ६:५०

हरकत नाही, दादांचा उल्लेख तेवढा काढा.

बाबांना सांगितलं. काही बोलले नाहीत, फक्त जुनी कागदी वही काढून टीव्हीवर ठेवलीय, कपाटाच्या बरोब्बर वर.

---

नाखवा_मालवण | संध्याकाळी ७:१५

ता सगळा ऱ्हवांदे. पंप गावलो काय?

---

सड्यावरचा | संध्याकाळी ७:३२

गावला. नोझल नाही. दादा म्हणतात ते मी आधीच परत दिलंय, नोंद असेल बघ.